देवदत्त आणि दप्तर

एखाद्या जुन्या गावच्या तलाठ्याच्या दप्तरात विठ्ठल रामा या इसमाच्या नावची नोंद शोधावयास जो जातो, त्यास बहुधा एक विठ्ठल रामा सापडत नाही. तीन सापडतात, आणि त्यांतील दोघांचे आडनावही एकच निघते. सातबाऱ्याच्या उताऱ्यावर एक जण जिराईत जमिनीचा खातेदार म्हणून उभा असतो, दुसरा फेरफाराच्या वहीत गहाणखतापायी अडकलेला असतो, आणि तिसऱ्याच्या मृत्यूची वर्दी लागून त्याच्या वारसांची नावे चढलेली असतात. मात्र मेला तो कोणता विठ्ठल आणि कर्ज राहिले ते कोणाचे, हे केवळ नावावरून सांगण्याची सोय त्या कागदांत नसते. अशा वेळी लेखनिकाच्या हलगर्जीपणास बोल लावण्याची आपली रीत आहे, आणि तो बोल पुष्कळदा खराही असतो. परंतु या गोंधळाचे मूळ शोधीत गेल्यास आपण कचेरीतून निघून घरच्या देवघरापाशी येऊन पोहोचतो. मुलास हाक मारताना देवाचे नाव मुखी यावे म्हणून विठ्ठल, नारायण, राम, गोविंद ही नावे घरोघर ठेविली गेली. आजा वारला की नातवाच्या रूपाने तो परत आला असे मानून त्याचेच नाव नातवास देण्याचा परिपाठ पडला. आणि या दोन श्रद्धांच्या पोटी मूठभर नावेच पिढ्यान्‌पिढ्या गावभर फिरत राहिली. ज्या नामसादृश्याने दप्तराची दैना होते ते अशा रीतीने भक्तीचे आणि पितृस्मरणाचे अपत्य आहे, आणि म्हणूनच ‘तोच हा काय?’ या कचेरीतल्या प्रश्नाकडे धर्मविचाराने पाठ फिरवून चालत नाही.

जुन्या कारकुनांना ही अडचण पुरती ठाऊक होती. मोडी कागदांत माणसाचे नाव एकटे सहसा येत नाही. त्याच्या मागे ‘बिन’ किंवा ‘वल्लद’ घालून बापाचे नाव येते, पुढे हुद्दा वा वतन येते, मौजे, तर्फ आणि परगणा येतो, दुसरे नाव रूढ असल्यास ‘ऊर्फ’ येते, आणि महजरावर साक्ष घालणारा कुणबी नावाशेजारी नांगराची निशाणी करतो, बलुतेदार आपापल्या धंद्याचे हत्यार काढतात. निरक्षराची सही म्हणून ही निशाणी होती हे खरे. पण नाव सारखे असले तरी नांगर आणि वाकस यांची गल्लत होत नाही, हाही तिचा एक उपयोग होता. पेशव्यांच्या घराण्यात तर हा पेच राज्यकारभाराच्या ऐन मध्यावर येऊन बसला. १७७२ साली माधवराव वारले आणि १७७४ साली जन्मलेल्या त्यांच्या पुतण्याचे नाव माधवरावच ठेविले गेले. लोकांनी एकास थोरले आणि दुसऱ्यास सवाई म्हणून आपली सोय करून घेतली, परंतु कागदावर माधवराव बल्लाळ आणि माधवराव नारायण असा बापाच्या नावाचाच आधार घ्यावा लागला. पेशवे दप्तराच्या रुमालांतून गोविंद सखाराम सरदेसाई यांनी १९३० ते १९३४ या काळात निवडक कागदांचे पंचेचाळीस खंड सिद्ध केले. त्यांतील एखादे पत्र उलगडू पाहणाऱ्यास पहिला घोर पडतो तो हाच, की पत्रातला बाळाजी अथवा गोविंदपंत हा नेमका कोणता.

बापाचे नावही पुरत नाही असे दिसल्यावर माणसे आईच्या नावाकडे वळली, आणि हे वळण आपल्या भूमीत फार पुरातन आहे. सातवाहन कुळात शातकर्णी इतके झाले की पुराणांच्या राजावळींतून त्यांना वेगळे काढता काढता संशोधकांची दमछाक होते. परंतु लेण्यांतील लेखांनी त्यांस गौतमीपुत्र, वासिष्ठीपुत्र अशी मातृनामे जोडून ठेविली आहेत. नाशिकच्या पांडवलेण्यांत वासिष्ठीपुत्र पुळुमावीच्या एकोणिसाव्या राज्यवर्षी कोरलेल्या लेखात राजमाता गौतमी बलश्री हिने आपल्या पुत्राचे जे गुणवर्णन करविले आहे, त्यात त्या शातकर्णीची ओळख प्रथम आईकडून होते. बृहदारण्यक उपनिषदाच्या अखेरीस येणारी आचार्यपरंपरेची यादीही मातेच्या नावावरून पुत्राचे नाव सांगत जाते. महाराष्ट्र शासनाने २०२४ साली सरकारी कागदांत आईचे नाव लिहिण्याचा निर्णय केला तेव्हा अनेकांस ते नवलाचे वाटले. नाशिकच्या डोंगरातल्या लेखनिकास ते वाटले नसते. पण गंमत अशी की येथेही सुटका नाही, कारण पुढे यज्ञश्री शातकर्णी हाही गौतमीपुत्रच निघाला, त्याचाही लेख त्याच डोंगरात आहे, आणि दोन गौतमीपुत्र शातकर्णी वेगळे ठेवावयाचे तर ‘यज्ञश्री’ या तिसऱ्या विशेषणाचा हात धरावा लागतो. प्रत्येक भेदक खूण स्वतःच सामान्य होण्याच्या वाटेवर असते, आणि दप्तर तिच्या मागे आणखी एक रकाना आखीत धावत असते. निवडणूक आयोगाने २०१५ पासून मतपत्रिकेवर उमेदवाराचे छायाचित्र छापण्यास आरंभ केला, तो या धावण्यातलाच एक टप्पा. सारख्या नावांच्या उमेदवारांनी नावावरचा विश्वासच इतका क्षीण करून टाकला होता की अखेर चेहऱ्यास साक्षीला बोलवावे लागले.

आमच्या नैयायिकांनी या प्रश्नाचा विचार वेगळ्या निमित्ताने, पण फार बारकाईने केला आहे. ‘घट’ या शब्दात घटाचा बोध करून देण्याची शक्ती ईश्वरसंकेताने आली असे मानल्यावर, काल जन्मलेल्या मुलास बापाने दिलेल्या नावात ती शक्ती कोठून यावी, असा प्रश्न त्यांच्यापुढे उभा राहिला. न्यायसिद्धान्तमुक्तावलीकार विश्वनाथ पंचानन यांनी त्याचे उत्तर असे दिले की अकराव्या दिवशी पित्याने नाव ठेवावे असा श्रुतीचा विधी असल्यामुळे प्रत्येक पित्याच्या नामकरणामागे ईश्वराची इच्छा आहेच. हे उत्तर वरवर पाहता शास्त्रार्थातली एक पळवाट वाटेल. मला त्यात मोठे तथ्य दिसते. गावात वीस विठ्ठल असतील तर एक नाव विसांनी वाटून घेतलेले नाही. वीस बापांनी वीस वेळा स्वतंत्र संकल्प केला आहे, आणि एकाच ध्वनीची वीस नावे तेथे नांदत आहेत. विष्णुसहस्रनामात ‘विष्णु’ हे नाम तीनदा येते, आणि आचार्यांच्या भाष्यात ती पुनरुक्ती दोष ठरत नाही, कारण प्रत्येक ठिकाणी अर्थ निराळा घेतलेला आहे. देवाच्या बाबतीत जी सवलत भाष्यकार देतात ती गावच्या विठ्ठलांस नोंदवहीने का देऊ नये? तात्पर्य, नोंदवहीत नाव जुळले की माणूस जुळला असे समजणे ही शब्दाच्या स्वरूपाबद्दलचीच गैरसमजूत आहे. न्यायसूत्रांत संशयाच्या कारणांत पहिला मान समानधर्माच्या दर्शनास आहे: संध्याकाळी दिसणारी उंच आकृती खांब की पुरुष, हा संदेह दोहोंत असलेल्या उंचीमुळेच पडतो, आणि हात वा खोड असा विशेष दिसेपर्यंत तो फिटत नाही. समान नाव हेही समानधर्माचेच दर्शन आहे. त्याने संशयास आरंभ व्हावयास हवा. व्यवहारात मात्र बहुधा त्याने निश्चय होतो, आणि तेथून अनर्थास सुरुवात होते.

तो अनर्थ केवढा असू शकतो हे लोककथेने विद्वानांच्या पुष्कळ आधी ओळखले. यमदूत एका माणसास उचलून यमसदनी नेतात, चित्रगुप्त वही उघडतो, बोट फिरवितो आणि म्हणतो की हा नव्हे, याच नावाचा पलीकडच्या आळीतला आणावयाचा होता. मग त्या बापड्यास परत धाडतात, तो तिरडीवर उठून बसतो, आणि त्याच घटकेस पलीकडच्या आळीत रडारड सुरू होते. ही कथा भारतात ठिकठिकाणी सांगतात, आणि ती आपलीच आहे असे प्रत्येकास वाटते. परंतु इसवी सनाच्या पाचव्या शतकाच्या पूर्वार्धात उत्तर आफ्रिकेतील हिप्पो येथील बिशप ऑगस्टीन याने मृतांविषयीच्या कर्तव्यावर जो छोटा ग्रंथ लिहिला, त्यात हुबेहूब हेच आहे: कुर्मा नावाचा एक गरीब ग्रामसभासद कित्येक दिवस निश्चेष्ट पडून शुद्धीवर आला, आणि त्याने पहिली गोष्ट सांगितली ती अशी की कुर्मा लोहाराच्या घरी कोणी जाऊन पाहा, पाहतात तो लोहार त्याच क्षणी गेलेला, कारण वर हुकूम सुटला होता तो लोहाराच्या नावे. ऑगस्टीनने पुढे या प्रकाराची चौकशी केली, आणि त्याचे मत असे पडले की अशा दृष्टान्तांस स्वप्नाहून अधिक प्रामाण्य देऊ नये. तरी कथा त्याने टाकिली नाही. सहाव्या शतकाच्या अखेरीस रोमचा धर्माधिपती ग्रेगरी याने स्टीफन नावाच्या एका प्रतिष्ठिताविषयी तीच हकीकत नोंदवली आहे, आणि तेथेही बदली गेलेला स्टीफन लोहारच आहे. लोहारांवरच ही पाळी का यावी हे कळत नाही. गरिबाचा पत्ता शिपायास अधिक चांगला ठाऊक असतो, एवढेच म्हणता येईल.

या सर्व कथांत एक बारीकशी गोष्ट सारखी आहे. चूक करतात ते दूत. वही चुकत नाही. मृत्यू आंधळा दिसतो याचे दुःख माणसास असह्य होते, तेव्हा तो आंधळेपणा बजावणी करणाऱ्या शिपायाच्या माथी मारून मूळ लेख शुद्ध आहे एवढा दिलासा तो जपून ठेवितो. कर्मसिद्धान्ताची सारी भिस्त याच दिलाशावर आहे. केलेले कर्म फळ न देता नाहीसे व्हावे यास शास्त्रात कृतनाश म्हणतात, आणि न केलेल्या कर्माचे फळ माथी येऊन आदळावे यास अकृताभ्यागम. ज्या मतावर हे दोन दोष येतात ते मत टिकत नाही, असा जवळजवळ सर्व आस्तिक दर्शनांचा एकमुखी निर्वाळा आहे. आता एका विठ्ठलाच्या थकबाकीची जप्ती दुसऱ्या विठ्ठलाच्या बैलांवर आली तर ते काय आहे? आत्म्याच्या नित्यत्वाविषयीच्या वादात ज्याचा केवळ प्रसंग दाखवून प्रतिपक्षास निरुत्तर करावे, तो अकृताभ्यागम येथे शिक्क्यानिशी आणि पंचनाम्यासह दारात उभा आहे.

अद्वैत वेदान्ताचे आवडते उदाहरण येथे कामास येते, आणि अडचणीतही आणते. पूर्वी अन्य स्थळी पाहिलेला देवदत्त आज येथे दिसला म्हणजे आपण म्हणतो की तोच हा देवदत्त. ‘तो’ म्हणजे त्या काळचा आणि त्या स्थळचा, ‘हा’ म्हणजे या काळचा आणि या स्थळचा, आणि ही विशेषणे परस्परविरुद्ध असल्यामुळे त्यांचा त्याग करून उरलेल्या केवळ देवदत्तावर ऐक्य सिद्ध होते. सदानंदांच्या वेदान्तसारात ही भागत्यागलक्षणा मोठ्या सुबोध रीतीने मांडली आहे, आणि जीव व ब्रह्म यांचे ऐक्य याच युक्तीने समजाविले आहे. पण दप्तराचा शोध घेणारा नेमकी उलटी क्रिया करतो. स्थळ, काळ, पिता, गोत्र, गट नंबर, चतुःसीमा या ज्या उपाधी वेदान्ती टाकावयास सांगतो, त्या एकेक वेचून तो आपला देवदत्त उभा करतो. त्या गळल्या तर त्याच्या हाती नाव तेवढे राहते, आणि नाव तर तिघांचे आहे.

मग उपाधी सगळ्या काढून टाकल्यावर हे तीन देवदत्त तीन उरतात की एक होतात? माझ्या मते हा प्रश्नाचा गाभा आहे. वैशेषिक म्हणतात, तीनच उरतात: दोन परमाणू सर्वथा सारखे असोत, दोन मुक्त आत्मे सुखदुःखादी सर्व गुणांतून सुटलेले असोत, तरी प्रत्येकात ‘विशेष’ नावाचा एक अंतिम भेदक पदार्थ असतो, जो आपणांस दिसत नाही पण योग्यांस प्रत्यक्ष होतो. ज्या पदार्थावरून त्या दर्शनास नाव मिळाले तो हाच, आणि त्याची थट्टाही इतर दर्शनांनी पुष्कळ केली. अद्वैती म्हणतो, एकच उरते, कारण भेद जो होता तो उपाधीचाच होता. मन अद्वैताकडे ओढ घेते हे मी नाकारीत नाही. शिवाय अद्वैतानेही व्यवहारापुरते सूक्ष्मशरीर मानून कर्माचा हिशेब ज्याचा त्याच्या खाती ठेविला आहे, तेव्हा बेशिस्तीचा आरोप त्याच्यावर करता येत नाही. तरीसुद्धा दप्तरासमोर उभे असता मला वैशेषिकांच्या कणादाचे म्हणणे जवळचे वाटते. ज्या माणसाच्या सर्व नोंदी दुसऱ्याच्या नोंदींशी जुळतात, तोही तो दुसरा नसतो, आणि हे त्याला स्वतःला ठाऊक असते.

उपाधींचा त्याग ही साधना आहे, आणि साधना ज्याची त्यानेच करावयाची असते. नामाच्या सारखेपणामुळे जमीन गमावून बसलेला कुणबी आपल्याशी जर म्हणाला, की ती माती ना माझी ना त्याची, तर त्याच्या पायावर डोके ठेवावे. परंतु तेच वाक्य कचेरीतल्या खुर्चीवरून त्यास कोणी ऐकविले तर तो वेदान्त राहत नाही, ती बेमुर्वतखोरी होते. संतवाङ्मयाच्या क्षेत्रात आम्ही हा अविचार शतकानुशतके केला आहे. तेराव्या-चौदाव्या शतकातले नामदेव आणि मराठीत महाभारत रचणारा सोळाव्या शतकातला विष्णुदास नामा यांची रचना नाममुद्रेच्या साम्यामुळे गाथ्यांतून एकमेकांत इतकी मिसळून गेली, की ती निवडण्यात संशोधकांची उभी हयात गेली. ज्ञानेश्वरांच्या बाबतीत तर एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ‘भारद्वाज’ या नावाने लिहिणाऱ्या लेखकाने ‘सुधारक’ पत्रातून ज्ञानेश्वरीचे कर्ते आणि अभंगांचे कर्ते हे दोन निराळे पुरुष होत असा वाद उभा केला, आणि भाविकांत मोठी खळबळ उडाली. तो पक्ष पुढे बहुमान्य झाला नाही, पण प्रश्न विचारण्यात पाप नव्हते. संतांस कर्तृत्वाचा अभिमान नव्हता, मग अभंग कोणाचा हे ठरविण्याचा खटाटोप कशास, असे म्हणणारे भाविक आजही भेटतात. विष्णुदास नाम्याने आपले ओझे नामदेवांच्या चरणी वाहिले असेल तर ते त्याचे थोरपण. त्याचे श्रम पुसून टाकताना संपादकाने त्या थोरपणाचा हवाला द्यावा हे मात्र काही केल्या पटत नाही. विनय हा उसना घेता येणारा जिन्नस नव्हे. कृतनाशाचा दोष येथे लागतो, आणि तो पुण्याच्या खात्यात लागतो म्हणून कमी होत नाही.

आता या सगळ्या विवेचनास छेद देणारी एक कथा आहे, आणि ती सोडून पुढे जाणे अप्रामाणिकपणाचे होईल. भागवताच्या सहाव्या स्कंधातील अजामिळाने दहा मुलांपैकी धाकट्याचे नाव नारायण ठेविले होते, आणि मरणसमयी पाश घेऊन आलेल्या यमदूतांस पाहून भयाने त्याने त्या मुलास हाक मारिली. तो विष्णुदूत धावून आले. यमदूतांनी कायद्याचा प्रश्न काढला, की हा प्रायश्चित्त न घेतलेला पापी आहे, आणि त्यात त्यांचे काही चुकले नाही. शिवाय हाक मुलास होती, मालकास नव्हती. विष्णुदूतांनी जे उत्तर दिले त्याचा आशय असा, की संकेताने, थट्टेने, अगर सहज तोंडातून निघाले तरी ते नाम आपले काम करते. म्हणजे दोन नामधारकांची गल्लत येथे साक्षात्‌ देवाच्या दूतांनी मान्य केली, आणि त्या गल्लतीने पापी सुटला. ज्या धर्माने यमाच्या दरबारात नावाची चूक दुरुस्त करविली, त्याच धर्माने वैकुंठाच्या दरबारात ती चूक पदरात घेतली.

श्राद्धविधीतही हीच उदारता आहे. नाम आणि गोत्र यांच्या उच्चाराने पिंड पितरांस पोहोचतो असे सांगितल्यावर, त्याच नामगोत्राचे इतर पितर नसतील काय, ही शंका कोणासही यावी. पुराणांनी तिचे उत्तर दिले ते असे, की गाईंच्या खिल्लारात वासरू जसे आपली आई हुडकून काढते तसे ते दान नेमके जेथे जावयाचे तेथे जाते. वासरास नाव ठाऊक नसते. पुढे जाऊन शास्त्राने असेही म्हटले, की गोत्र ठाऊक नसेल तर काश्यप म्हणावे, आणि पित्याचे, पितामहाचे, प्रपितामहाचे नाव विस्मृतीत गेले असेल तर पृथिवीषद्, अन्तरिक्षसद् आणि दिविषद् ही नावे घ्यावी. पृथ्वी, अंतरिक्ष आणि द्युलोक या पत्त्यांवर पाठविलेले तीळोदक चुकीच्या घरी जाण्याची भीती नसावी.

या दोन न्यायांचा मेळ कसा घालावा? पुष्कळ विचाराअंती मला असे वाटते की देवाची कृपा आणि पितरांचे तर्पण हे देताना कमी होणारे पदार्थ नाहीत. नारायण नावाच्या पोराची हाक देवाने आपली समजली म्हणून त्या पोराचे काही गेले नाही. एका पितराच्या नावे दिलेल्या ओंजळीत दुसरा तृप्त झाला तर पहिला तहानेला राहत नाही. शेताचे तसे नाही. दीड एकर जमीन एका विठ्ठलाच्या खात्यावर चढली की ती दुसऱ्याच्या खात्यावरून उतरलेली असते, आणि दंड, कर्ज, अपकीर्ती यांचेही असेच आहे. जेथे एकास दिल्याने दुसऱ्याचे जाते तेथे भक्तीची मोकळीक चालत नाही, तेथे न्यायशास्त्राचा विशेषच पाहावा लागतो. काशीगयेचे वा त्र्यंबकेश्वराचे तीर्थोपाध्याय आलेल्या यजमानास त्याचे स्वतःचे नाव आधी विचारीत नाहीत. ते गाव विचारतात, आडनाव विचारतात, मग वही काढून आज्या-पणज्यांची नावे वाचू लागतात, आणि यजमानाने मान हालविली म्हणजे मग त्याचे नाव त्याखाली लिहून घेतात. नाव शेवटी येते. याउलट आज यंत्रावर प्रथम नाव घालावयाचे आणि त्याबरोबर जेवढे येईल तेवढे एका माणसाचे चरित्र समजावयाचे, अशी सवय शिकल्यासवरल्या लोकांसही जडली आहे. लग्नाची सोयरीक ठरविताना, भाडेकरू ठेविताना, नोकरीस घेताना एखाद्या भलत्याच समनामकाचा खटला पाहून माणसे मुकाट्याने दार लावून घेतात, आणि ज्याचे दार लागले त्यास कारण कधीच कळत नाही.

जमीनमहसुलाच्या १९६६ च्या संहितेत फेरफाराची नोंद प्रमाणित करण्यापूर्वी ती चावडीवर लावावी आणि ज्यांचा हितसंबंध आहे त्यांस नोटीस द्यावी असे कलम १५० मध्ये घातले आहे, आणि कोणी हरकत घेतली तर ती लिहिण्यासाठी गाव नमुना ६-अ ही विवादग्रस्त प्रकरणांची निराळी नोंदवही ठेविली आहे. नोटिसा कित्येकदा पोहोचत नाहीत, चावडीवरचा कागद कोणी वाचीत नाही, हे सर्व मान्य करूनही या तरतुदीविषयी मला आदर वाटतो. नाव, बाप, गाव, गट नंबर असे सगळे रकाने भरून झाल्यावर कायदा तेथे थांबून खुद्द त्या माणसास विचारतो की हा तूच ना. चित्रगुप्ताकडे अशी वही असल्याचे माझ्या ऐकिवात नाही, आणि कुर्मा लोहारास तर कोणी काही विचारल्याचा उल्लेखच नाही.